एकवीस सेकंदांचा समुद्र

“डबा गंजलाय, पोरी. उघडला तर हाती भुगा येईल,” सरसेनबाय आगांनी तिसऱ्यांदा सांगितलं.

नुकूसच्या संग्रहालयात जुन्या चित्रफिती सांभाळता सांभाळता आगांचे केस पिकले होते. पण गुलझिरा असल्या रखवालदारांना पुरून उरलेली. माहितीपटांसाठी जुनी दृश्यं हुडकून देणं हाच तिचा धंदा. अर्ध्या जगाला तिने त्याचा भूतकाळ शोधून दिला होता. स्वतःच्या बापाचा चेहरा मात्र पाहिला नव्हता. ती पोटात असताना ओराझ मासेमारीला गेला तो परतलाच नाही. घरात एक फोटोही नव्हता. आता तर समुद्रसुद्धा आटत आटत मुइनाक गावचा धक्का सोडून कुठल्या कुठे निघून गेलेला.

“डब्याच्या नोंदीच्या कार्डावर बाबांचं नाव आहे, आगा. ‘अव्वल मच्छीमार ओराझ, १९६२.’ भुगा तर भुगा. उघडा.”

ओळख पटवायला तिने आईला मुइनाकहून ओढून आणलं होतं. बीबीझादा कोपऱ्यात चहा फुंकत बसली होती.

“कशाला उकरतेस गं? फोटो काढायचा म्हटलं की तुझा बाप उंटासारखं तोंड करायचा.”

“वृत्तपटवाल्यांना हसरी माणसं लागायची,” आगा पुटपुटले. “त्यांच्याकडे नांगरणीसुद्धा हसत हसत व्हायची.”

शेवटी आगांनी नोंदवहीत डाव्या हाताने सही ठोकली आणि झाकण काढलं. फीत कालच पुसून ठेवल्यासारखी लखलखीत होती.

“याला भुगा म्हणतात होय?” गुलझिराने विचारलं. आगा यंत्रात फीत ओवत राहिले.

पडद्यावर समुद्र हलू लागला. नाव धक्क्याला लागली. काळी लोकरी टोपी घातलेल्या तरुणाने डाव्या हाताने दोर भिरकावला आणि तो तोंडभर हसला. एकवीस सेकंद. मग नुसता पांढरा उजेड.

“पुन्हा लावा.”

आगांनी चार वेळा लावली. पाचव्या वेळी गुलझिराने उठून पडद्याला हात लावला, तेव्हा ते हसू तिच्या मनगटावर उमटलं.

“आई, हेच ना?”

म्हातारीने पडद्यावरची नजर आगांकडे वळवली. आगा यंत्रावरचा नसलेला डाग पुसू लागले.

“हाच.”

“टोपी केवढी ती! पार भुवयांवर आलीय.”

“त्याला तशीच आवडायची.”

गुलझिरा रडली, हसली आणि आईच्या गालाचा मुका घेऊन नक्कल मिळवायचा अर्ज आणायला खालच्या कचेरीकडे धावली. जिन्यावर तिची पावलं विरली.

म्हातारीने चहाचा पेला खाली ठेवला.

“दोर बरा फेकला होतास, सरसेनबाय,” ती म्हणाली. “ओराझची टोपी तेवढी परत करायची राहिली.”