दुकानातलं निळं घड्याळ

आर्लीनला पावलं आणि हृदयाचे ठोके मोजणारं मनगटी घड्याळ हवं होतं. आरोग्यासाठीच्या बचत खात्यात पैसे होते, पण ते वापरायचे तर घड्याळ आजारासाठी लागतं, अशी डॉक्टरांची चिठ्ठी हवी.

"साखर थोडी वाढलीय," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "हिवाळा संपला की पुन्हा तपासू. तेव्हाही वाढलेलीच असली, तर देते चिठ्ठी."

तिचा नवरा कर्ट रोज सकाळी गाडी घेऊन गोठलेल्या तळ्यावर, बर्फाला भोक पाडून गळ टाकायला जायचा. संध्याकाळी परतला की विचारायचा, "आजही गेली होतीस दुकानात? अगं, घड्याळ काय पळून जाणार आहे?"

"निळं एकच उरलंय," ती म्हणायची. "कुणी नेलं म्हणजे?"

बर्फ वितळला, तपासणी झाली.

"साखर अगदी उत्तम," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "आता चिठ्ठी कशी देऊ?"

आर्लीनचा चेहरा पडला.

"गोड सोडलंत का?"

"छे हो."

"मग केलंत तरी काय?"

 

"काहीच नाही. घड्याळ अजून आहे ना, एवढं रोज चालत जाऊन बघून यायचे."