दसऱ्यापासून अडलेली कॉफी

नवी कॅप्सूल घातली, टाकी काठोकाठ भरली, तरी मशीनमधून कॉफी थेंबथेंबच पडली. नवरात्रात सासूबाई राहायला आल्या आणि दसऱ्यापासून हे सुरू झालं.

"याला हात लावलात?" मी विचारलं.

"मी कशाला लावू?" त्यांनी नजर चुकवली.

माझी खात्रीच पटली. तिथूनच नवऱ्याला फोन लावला, "आईंना भावजींकडे सोडून ये." बोलता बोलता टाकी ओढून काढली.

तळाच्या भोकात कुंकवानं लालसर झालेला तांदळाचा दाणा अडकला होता.

"दसऱ्याला घरातली यंत्रं पुजायची असतात," त्या ओशाळून म्हणाल्या. "तू हसशील म्हणून तू आंघोळीला गेल्यावर अक्षता वाहिल्या. तुझं आवडतं आहे ना ते!"

फोनवर नवरा विचारत होता, "आईला कधी सोडू?"