पहिली सही

"पान एकशे बारा," लोरेना ड्युमंड फोनवर म्हणाली. "खालून चौथी ओळ. ती चुकीची आहे."

टेबलापलीकडे ऑर्विल कीटर टोपी हातात धरून उभा होता. खोलीतल्या एकुलत्या एका मोकळ्या खुर्चीवर पुस्तकं होती. ती उचलून बसावं, असं काही त्याच्या मनात आलं नाही.

टाउन हॉलचं तळघर. न्यूयॉर्क राज्याच्या कायद्याने प्रत्येक गावाला आपला एक इतिहासकार नेमावा लागतो. पेकव्हिलमध्ये तो मान आधी लोरेनाच्या वडिलांकडे होता आणि गेली एकतीस वर्षं तिच्याकडे. मागच्या फळीवर न्यूयॉर्क शहराचे नि राज्याचे जाडजूड इतिहास ओळीने लावले होते. प्रत्येकात पेकव्हिलला एक परिच्छेद मिळालेला. शहराला पाणी हवं होतं, खोऱ्यात धरण झालं, जुनं गाव बुडालं. आणि प्रत्येकात ती ओळ होतीच: जमीन देण्याच्या कागदावर पहिली सही एमोस कीटरने केली, मग बाकीच्यांचा धीर सुटला.

एमोस म्हणजे ऑर्विलचा बाप.

"हं, सापडली ओळ," पलीकडून नव्या पुस्तकाची संपादिका म्हणाली. जुन्या फोनमधला तिचा आवाज खोलीभर ऐकू येत होता. "काय चुकलंय? तारीख?"

"माणूस चुकलाय."

ऑर्विलने टोपी या हातातून त्या हातात घेतली.

"पहिली सही एमोसची नव्हती." लोरेनाने डोळे मिटले, जेवणाआधी प्रार्थनेला मिटायची तसे. "हार्मन ड्युमंडची होती. माझ्या वडिलांची."

"पण हे तर तुमच्या वडिलांच्याच पुस्तकात आहे. सगळ्यांनी तिथूनच घेतलंय. आम्हीसुद्धा."

"हो. लिहिलं त्यांनीच."

"मग पुरावा? काही कागद?"

"होता. मी जाळला. त्यांना पुरून आल्यावर, त्याच दुपारी."

पलीकडे पानं चाळल्याचा आवाज झाला आणि थांबला.

"रागावू नका, मिस ड्युमंड. या विषयावरच्या सहा पुस्तकांत तुमचे आभार मानलेत. सहाही वेळा हीच ओळ तुम्ही तपासून, सही करून पाठवलीत. मार्चमध्ये आम्हालाही. आता कुठली लोरेना ड्युमंड खरी धरू मी?"

"आताची."

"आताच्या बाईंकडे कागद नाही." आवाज थोडा मऊ झाला. "चार वाजता पानं छापखान्यात जातायत. राहू द्या ती ओळ. पुढच्या आवृत्तीत बघू."

रिसीव्हर ठेवताना लोरेनाला एकदम हलकं वाटलं. आणि हलकं वाटलं याचीच तिला लाज वाटली.

"ऐकलंत ना," ती म्हणाली. "मी सांगितलं, ऑर्विल. त्यांनीच घेतलं नाही."

"ऐकलं." तो फळीवरच्या पुस्तकांकडे बघत होता. "जाळायच्या आधी वाचलास तो कागद?"

"दोनदा."

"माझी आई जिवंत होती तेव्हा."

लोरेनाने मान हलवली. टेबलावरची, तपासायला आलेली मुद्रितं तिने सरळ केली, ती आधीच सरळ होती.

"मी दुसऱ्या प्रकाशकांना लिहिते," ती म्हणाली. "राज्याच्या ग्रंथालयालाही लिहिते. सविस्तर. कुणी ना कुणी छापेल."

"अगं, ही पुस्तकं वाचतं कोण? शहरातली माणसं. त्यांना एमोस काय नि हार्मन काय! नळ सोडला की पाणी येतंय ना, झालं." तो पहिल्यांदाच तिच्याकडे वळला. "माझ्या बापाला शहराने नाही नावं ठेवली. परवा पेंडीच्या दुकानात बिलावर सही करत होतो, तर तिथला एक टोळभैरव म्हणतो, 'ऑर्विलकाका, पेन जपून हं, अजून एखादं गाव बुडवाल.' सगळे हसले. मीही हसलो. काय करणार?"

हा विनोद लोरेनाने स्वतःच्या घरात, वडिलांच्या तोंडून ऐकला होता.

"रविवारी पाद्रीबुवा विचारतात ना," ऑर्विल म्हणाला, "कुणाला आपलं सुख-दुःख सांगायचंय का म्हणून? उभी राहा आणि सांग. तिथे कागद कुणी मागत नाही."

चर्चमध्ये पहिल्या बाकाशेजारी रंगीत काचांची खिडकी होती. खाली पितळी पाटी: हार्मन ड्युमंड, ज्यांनी शेवटपर्यंत जागा सोडली नाही. दर शनिवारी लोरेना ती पाटी लिंबू लावून घासायची. रविवारी त्याच बाकावर बसायची. सुख-दुःखाच्या वेळी कुणाचं गुडघ्याचं ऑपरेशन, कुणाला नातू झालेला. चाळीस माणसं मान वळवून ऐकायची. त्या चाळीसही जणांना ती नावाने ओळखत होती.

आज गुरुवार होता.

"ऑर्विल, पुस्तकात आलं असतं तर..."

"तर तुला उभं राहावं लागलं नसतं."

ते त्याने रागाने म्हटलं नव्हतं. तो टोपी घालून जिन्याकडे गेला. कठडा धरून दोन पायऱ्या चढला आणि दम घ्यायला थांबला. कीटर मंडळी चर्चमध्ये शेवटच्या बाकावर बसत, दारापाशी, जिथे वारा लागतो. नवं चर्च झाल्यापासून तिथेच.

"सांगून झाल्यावर पुढच्या बाकावर बसवेनासं झालं," तो मागे न बघता म्हणाला, "तर आमच्या बाकावर जागा असते. भरपूर."