आळशी शेवाळ

"आज हात खांद्याच्या वर आलाय, ताई. बघा," माळी म्हणाला आणि काचेवरून फडकं फिरवून बाजूला झाला.

इस्त्रीवालीनं चष्मा पुसून पाहिलं. खरंच की! काचेपलीकडे, खिडकीला लागून असलेल्या पलंगावर तिची आई बसली होती आणि तिचा उजवा हात खांद्याच्या जरासा वर आला होता. गेल्या उन्हाळ्यात तो बरोबर खांद्याशी होता.

"माळीदादा, तुमच्या तोंडात साखर पडो."

"साखर डॉक्टरांनी बंद केलीय. दुसरं काहीतरी पाडा."

दवाखान्यातल्या आईच्या खोलीत भिंतींवर, छतावर, दाराच्या आतल्या बाजूला सगळीकडे शेवाळ होतं. दुसऱ्या ग्रहावरून आणलेलं, माळ्याच्या देखरेखीखालचं. त्याचं खरं नाव घेताना भल्याभल्यांची जीभ अडखळायची, म्हणून इथं सगळे त्याला आळशी म्हणत. आळशी जिथं दाट वाढतं तिथं काळच रेंगाळतो. बाहेर काही वर्षं सरतात तेव्हा आत जेमतेम एक श्वास होतो. आईच्या आजारावर औषध नव्हतं. ते निघेपर्यंत तिला इथं ठेवायचं ठरलं होतं, आणि औषध काही अजून निघालं नव्हतं.

आत जायच्या दिवशी डॉक्टरांनी आईला सगळं समजावून सांगितलं. तिनं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "पडदा कुठाय? इथं माणसं ठेवता की मासे?" मग मुलीनं घरचा निळा पडदा कडक इस्त्री करून आणून खिडकीला आतून लावला, तेव्हा कुठं बाई आत पाऊल टाकायला तयार झाली. अशी तिची आई!

तेव्हा मुलगी तरुण होती. दुकान बंद केलं की रोज संध्याकाळी यायची, खिडकीसमोर उभी राहायची. आई तिच्याकडे बघायची, पण बघून न बघितल्यासारखी. शेवटी माळ्यालाच राहवलं नाही.

"आतून तुम्ही दिसतच नसाल, ताई. त्यांची पापणी लवेपर्यंत इथं महिने निघून जातात. तुम्ही येता तासभर. माशी उडून गेली तर आपल्याला दिसते का?"

त्या दिवशी ती घरी जाऊन पोटभर रडली. मग तिनं डोकं चालवलं. खिडकीसमोर एक खुर्ची जमिनीला पक्की करून घेतली. आईनं विणलेला पिवळा स्वेटर रोज तोच घालायचा, त्याच खुर्चीत, मान जराशी डावीकडे कलती ठेवून बसायचं. जाताना स्वेटर खुर्चीच्या पाठीला अडकवून जायचं. आणि खुर्चीच्या वर एक मोठा दिवा, जो कधी म्हणून विझवायचा नाही. थेंबे थेंबे तळे साचे. रोजच्या बसण्यातून आपला एक धूसर आकार तरी आईच्या डोळ्यांपुढं साचेल.

आणि साचला! दिवा लागला आणि पुढच्याच हिवाळ्यात आईचा हात मांडीवरून सुटला. आईनं आपल्याला पाहिलं. आता ती हात हलवणार. दुकानात कुणी साधा शर्ट टाकायला आलं तरी इस्त्रीवाली त्याला थांबवून हे सांगायची.

शेजारचा कंपाउंडर तिच्यात गुंतला होता. दुसऱ्या गावी त्याला चांगली नोकरी मिळाली तेव्हा तो म्हणाला, "चल माझ्याबरोबर." ती म्हणाली, "आईचा हात वर येऊ दे." बिचाऱ्यानं बरीच वाट पाहिली, मग एकटाच गेला. स्टेशनवर ती त्याला पोचवायलाही गेली नाही, कारण ती आईकडे जायची वेळ होती.

धाकटा भाऊ परदेशातून फोन करायचा.

"ताई, इथं खोली रिकामी आहे. किती दिवस ती काच बघत बसणार तू?"

"तिनं एकदा हात हलवला की मी मोकळी. मग नेशील तिथं येईन."

"आणि नाही हलवला तर?"

"अरे, मग वर कशाला उचललाय? माशा मारायला?"

तो हसायचा, तीही हसायची. फोन ठेवला की घर खायला उठायचं. रेडिओ लावून ती एकटीच जेवायला बसायची आणि रेडिओवरच्या माणसाला "हो ना" म्हणायची.

आता तर ती आईपेक्षा म्हातारी दिसायला लागली होती. केस पांढरे, पाठीला पोक. हात हलवायच्या ऐन वेळी आईनं ओळखलंच नाही तर? या धास्तीनं तिनं माळ्याला सांगून दिव्यात आणखी मोठा बल्ब घालून घेतला. त्यानंतर आईचे डोळे बारीक होत गेले. हसू यायच्या आधी आईचे डोळे असेच बारीक व्हायचे. ते पाहून इस्त्रीवालीनं सामान बांधायलाही घेतलं.

एका सकाळी माळ्याचा फोन आला. "ताई, बोटं हलली. या तुम्ही."

ती धापा टाकत पोचली. स्वेटर चढवला, खुर्चीत बसली, मान डावीकडे कलती केली. तिच्या डोळ्यांना आता लांबचं धड दिसत नव्हतं.

"माळीदादा, बोटं उघडलीत ना? हात हलवतेय ना ती?"

स्वच्छ काच माळी पुन्हा पुसत राहिला.

"अहो, मी काहीतरी विचारतेय!"

माळ्याचं फडकं थांबेना, तेव्हा ती उठली आणि काचेला नाक लावून उभी राहिली. आईच्या कपाळावर आठ्या होत्या. दिव्याच्या झोतापासून तिनं तोंड फिरवलं होतं, आणि कधीकाळी कडक इस्त्री करून लावलेल्या त्या निळ्या पडद्याची कड तिच्या मुठीत होती.