आईच्या प्रसंगाची चाल

फिल्म सोसायटीच्या छोट्या हॉलमध्ये श्रीरंगने नलूताईला मुद्दाम शेजारी बसवलं होतं. "म्हातारीच्या मरणाचा प्रसंग आला की नीट ऐक. आपल्या आईला आठवून चाल बांधलीय," तो म्हणाला.

दिग्दर्शिका ऋजुताच्या छोट्या सिनेमाला वादक परवडणारे नव्हतेच. तसंही हल्ली संगीतकार कपाळाला पट्टी बांधायचे आणि चाल नुसती मनात गुणगुणायचे. पट्टी ती टिपायची, आणि त्या वेळी मनात जे असेल तेही सुरांबरोबर ऐकणाऱ्याच्या मनात उतरायचं. उसनं दुःख तिथल्या तिथे उघडं पडायचं. श्रीरंगला त्याची भीती नव्हती. त्याचं दुःख खरं होतं.

पडद्यावर म्हातारीचा श्वास थांबला. चाल सुरू झाली. आता हुंदके येणार म्हणून श्रीरंग कान देऊन बसला.

हुंदका आलाच नाही. अख्ख्या हॉलने सुटकेचा श्वास सोडला. लोकांचे खांदे सैल पडले. पुढच्या रांगेतल्या बाईंना चक्क हसू फुटलं आणि त्यांनी ओशाळून तोंडाला पदर लावला. छातीवरचा दगड उतरल्यासारखं सगळ्यांनाच वाटत होतं. श्रीरंगलाही, आई गेल्याचा फोन आला तेव्हा वाटलं होतं, अगदी तसंच.

धरणीने पोटात घ्यावं असं त्याला झालं.

आईचं वर्षानुवर्षं हगणंमुतणं काढलेली ताई त्याच्याकडे वळली.

"मला नव्हतं रे असं वाटलं," ती हळूच म्हणाली. "तू तर दिवाळीपुरता यायचास. तुला कशातून सुटायचं होतं?"