एका घरात सात

"एका घरात सात? अहो, एवढी माणसं मावतात तरी का त्या घरात?" डॉक्टरीणबाईंनी संगणकाचा पडदा त्याच्याकडे वळवला. "एकाच रोग्याची नोंद सात वेळा झालेली दिसतेय. सहा काढून टाका. चारला यादी पाठवायचीय."

पडद्यावर नावं नव्हती, नुसते नोंदींचे क्रमांक; आणि पत्ता त्याच्याच घराचा होता.

कर्करोग नोंदणीच्या त्या कार्यालयात त्याला सगळे पिनकोड म्हणत. बावीस वर्षं त्याचं एकच काम. इस्पितळातून आलेला कागद बघायचा, रोगी मूळचा कुठला ते हुडकायचं, त्याची सही घ्यायची आणि त्याला तिथल्या आकड्यात धरायचं. लोक उपचाराला शहरात येतात, नातेवाइकाचा पत्ता देतात आणि रोग भलत्याच गल्लीच्या नावावर चढतो. नव्या माणसांना तो दटावायचा, "चार दिवस कुठे उतरला ते नको. वीस वर्षं कुठे राहिला ते सांगा."

आणि स्वतःचं म्हणाल तर दिव्याखाली अंधार. नदीपलीकडे, रंगाच्या कारखान्यामागे एक वस्ती होती. तिथे त्याचा थोरला भाऊ राहायचा. मोठ्या इस्पितळात शहरातल्या माणसाला आठवड्यात तारीख मिळते, बाहेरच्याला तीन महिन्यांनी. भावाच्या शेजारचा शिंपी आजारी पडला तेव्हा खिडकीवरच्या अर्जात यानेच आपला पत्ता लिहिला. चांगुलपणाची बातमी पसरायला काय वेळ लागतो? मग शिंप्याची मेहुणी आली, शाळेतल्या बाई आल्या, म्हातारा पोस्टमन आला, एका घरातले दोघे भाऊ आले. शेवटी त्याचा स्वतःचा भाऊ आला. बायको तोंडातून अवाक्षर न काढता अंथरुणं घालायची. शहरातल्या पत्त्यांचे कागद दुसऱ्या टेबलावर जात, त्यामुळे त्याच्या नजरेला यातलं एकही नाव पुन्हा पडलं नाही.

"बाई, सात वेगवेगळी माणसं आहेत ती," तो म्हणाला. "सगळी वस्तीवरची. पत्ता मी दिलेला."

बाईंनी यादी खाली सरकवत वस्तीची ओळ काढली. लोकसंख्या तीनशे ऐंशी. पाच वर्षांतले रोगी, शून्य.

या ओळीसाठी पाणी खात्याचं पत्र येऊन पडलं होतं. वस्तीवर पाच रोगी निघाले, तर कारखान्यामागची बोअर बंद करायची आणि शहराचा नळ तिकडे न्यायचा. नाही निघाले, तर फाइल बंद. पाच पुरले असते. सात होते.

"आता बदला ना, बाई."

"निदानाच्या कागदावरचा पत्ता रोग्याच्या सहीशिवाय बदलता येत नाही." बाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "हा नियम मला तुम्हीच शिकवलात. यातलं कोण आहे सही करायला?"

कोणीच नव्हतं. भावाला जाऊनच सव्वा महिना झाला होता.

"तुमच्या नावानं टीप जोडते मी," बाई म्हणाल्या. "पण टिपा किती वाचल्या जातात ते तुम्हाला माझ्याहून जास्त माहीत."

त्याला माहीत होतं. बावीस वर्षांत टीप वाचून कोणी उठलेलं त्याने पाहिलं नव्हतं. त्याच्या घरावरची सात नावं तशीच राहिली, आणि दीड लाखाच्या विभागात सात म्हणजे दर्यामे खसखस. चारला यादी गेली. पुढची मोजणी पाच वर्षांनी. त्याला आपल्या हातांची किळस आली. तो उठला, हात धुतले, परत येऊन बसला.

सव्वाचारला वहिनीचा फोन आला.

"भाऊजी, आकडा आला का हो? आज कळेल म्हणाला होतात. सगळ्या बायका माझ्या दारात बसल्यात."

"आला."

"किती?"

"शून्य, वहिनी."

पलीकडे कोणीतरी "किती, किती" म्हणून विचारत होतं. वहिनीने त्यांना गप्प केलं.

"शून्य कसा येईल? आमच्या एका ओळीतच चौघं गेले. आमचे हे, शिंपीदादा, ते दोघे..."

"सगळ्यांचा पत्ता माझा होता. ते माझ्या घरचे म्हणून मोजले गेले. मला कळायला हवं होतं, वहिनी. मला एकट्यालाच कळण्यासारखं होतं."

तिने शिव्या दिल्या असत्या तर त्याला बरं वाटलं असतं.

"तुम्ही चांगल्यासाठीच केलंत," ती म्हणाली. "लवकर तारीख मिळाली म्हणून हे मला आठ महिने जास्त लाभले. ते मी कशी विसरेन? मग नळाचं काय?"

"नाही येणार. एवढ्यात नाही." "पण तुम्ही माझं ऐका. कागदावर काहीही असू दे. बोअरचं पाणी पिऊ नका. पोरांना तर थेंबसुद्धा देऊ नका."

"बरं," वहिनी म्हणाली. "मग कुठलं देऊ?"

टोमणा नव्हता तो. दिराने आजवर सगळ्यांना वाट दाखवली होती, तशी आताही दाखवील म्हणून ती फोन कानाला लावून थांबली होती.