मिटल्या डोळ्यांची फिल्म

स्वरदाचं बारसं झालं त्याच वर्षी काचबिंदूने सहदेवची नजर नेली. पाळण्यातल्या नातीचा चेहरा त्याला दिसला नाही तो नाहीच. उजेड आणि अंधार तेवढा कळायचा. आता तेही फार दिवस टिकणार नाही, असं डॉक्टर म्हणाले होते.

म्हणून स्वरदाची घाई चालली होती. ती छोट्या, विचित्र फिल्म बनवायची. त्यांत ना गोष्ट, ना नट. स्वप्नात दिसावं तसं काहीबाही. ही नवी तर डोळे मिटून बघायची होती.

"डोळे मिटून? मग मी इतकी वर्षं थेटरातच बसलोय की," सहदेव म्हणाला.

"मस्करी नको ना, आजोबा. पापण्यांवर उजेड लुकलुकेल. चित्र तुमचं डोकं काढेल."

"डोक्यात काय असलं तर काढतील," आजी कुंदा म्हणाली.

"मला फक्त तुला बघायचंय गो," सहदेव नातीला म्हणाला. "बाकी काय नको."

मुलुंडच्या त्या दोन खोल्यांत भर दुपारी पडदे ओढले गेले. भिंतीवर उजेड थरथरू लागला.

आधी लाल आलं. मग हिरवं. मग उभे-आडवे धागे. एके काळी गिरणीत त्याच्या मागावर कापड उतरायचं, तसा आता उजेड विणला जात होता. सहदेवने खुर्चीचे हात घट्ट धरले. धागे बाजूला सरले आणि चेहरा आला.

"दिसतेस," तो हळूच म्हणाला. "कपाळ थेट राजेशचं. बापावर गेलीस. आणि हनुवटीवर डावीकडे तीळ. आहे ना?"

स्वरदा हसून काही बोलणार, तोच कुंदाने तिचं मनगट दाबलं.

"आहे, आजोबा."

मिटल्या पापण्यांखालून पाणी ओघळलं. "आता अंधार झाला तरी चालेल," सहदेव म्हणाला.

स्वयंपाकघरात स्वरदाने आजीला गाठलं. "माझ्या हनुवटीवर कुठे तीळ आहे? खोटं का बोलायला लावलंस?"

कुंदा ओट्याला टेकून उभी होती. तिचे हात आपोआप जोडले गेले होते.

"त्यांनी बरोबर सांगितलं," ती म्हणाली. "डावीकडेच होता."

"कोणाला?"

कुंदाने या मुलीकडे पाहिलं. आपल्या भावाची ही आईवेगळी नात तिनेच गावाहून आणून त्या पाळण्यात घातली होती, त्याच नावाने. राजेशची स्वरदा बारशाच्या पुढच्याच महिन्यात तापाने वारली.